व्याह्यापेक्षा मोठा मासा

श्रीयुत भैयाजी व्याही यांना वारलूचा आणि घरच्या लहानथोरांचा रामराम.

आम्ही इकडे सुखरूप आहोत. तुम्हीही सुखरूप आहात असं जावई निकेशरावांकडून कळलं (फोनवर, फार हळू आवाजात). तुमची कंबर एसटी आमच्या नाल्यावरच्या रपट्याच्या खड्ड्यात आदळल्यामुळे धरली असं तुम्ही म्हणता आणि जेवणावरून ताडकन उठल्यामुळे धरली असं आमच्याकडची मंडळी म्हणतात. ते काहीही असो, एरंडाचं पान गरम करून बांधावं. विहीणबाईंना वच्छलाचा नमस्कार. रंजीताला सांगावं की पायाला सूज आली असेल तर जास्त वेळ पाय खाली सोडून बसू नये. तिला आठवा लागला. आता ती इथं, तिच्या आईजवळ असायला हवी होती. पण आखाडीच्या पुनवेला तुम्ही आमच्या ओट्यावर उभं राहून सगळ्या गल्लीला ऐकू जाईल असं म्हणालात, ‘ज्या घरी इवायापेक्षा मासोळी मोठी, त्या घरी माही सून बाळंतपणाले येणार नाई!’ तेव्हापासून वच्छलाच्या डोळ्यांचं पाणी खळत नाही आणि माझाही जीव थाऱ्यावर नाही. म्हणून त्या दिवशी काय झालं ते एकदा नीट सांगतो. हे पत्र माफी मागायला नाही, हे आधीच सांगून ठेवतो.

तुम्हाला ठाऊकच आहे, आम्ही ढिवर, मासेमारीवर जगणारे. आमच्यात पोर आधी पोहतं, मग चालतं. माझा आजा सांगायचा की आमच्या नाल्याच्या डोहात महाशीर मासे इतके होते की अंघोळीला उतरलेल्या माणसाला ते ढुशा मारत. (आजा थोडं वाढवून सांगायचा, पण थोडंच.) आता वर्षाकाठी एखादी महाशीर दिसली तर लोक आधी तिचा फोटो काढतात आणि मग तिला खातात. हे बघवेना म्हणून आमच्या मच्छीमार संस्थेनं कॉलेजात मासे शिकवणाऱ्या दिव्यानी मॅडमना बोलावलं. त्यांनी साल्मन नावाच्या परदेशी माशाची गोष्ट सांगितली. तो जन्मतो नदीत, मोठा होतो समुद्रात, आणि अंडी घालायची वेळ आली की धबधबे चढून, अस्वलांच्या तोंडातून वाचून पुन्हा आपल्याच नदीला येतो. तिकडच्या लोकांनी त्याच्यासाठी धरणांना पायऱ्या बांधल्या आहेत. आमची महाशीर समुद्रात जात नाही, पण पुराच्या पाण्यात तीही अंडी घालायला वर चढते, असं मॅडम म्हणाल्या. पुरुष मंडळी जांभया देत होती. पण गिरजाबाई, ज्यांनी गावातली निम्मी बाळंतपणं केली, त्या एकदम उठल्या आणि म्हणाल्या, ‘म्हंजे बाळंतपणाले माहेरी येऊन राह्यली ना जी ते! अन् आपण तिले रस्त्यातच धरून खातो? बाप्पा!’ झालं. बायकांनी तिथंच ठरवलं की पहिल्या पुरापासून दसऱ्यापर्यंत नाल्यात कोणी जाळं टाकायचं नाही. त्यातले काही साल्मन अंडी घालून मरतात हेही मॅडम सांगायला गेल्या, पण असं अभद्र बोलू नका म्हणून गिरजाबाईंनी त्यांना खाली बसवलं.

मग आम्हीही नाल्यावरच्या बंधाऱ्याच्या कडेला श्रमदानातून दगडाच्या पायऱ्या केल्या. माशाला पाय नसतात तर पायऱ्या कशाला, असं विचारणारे गावात कमी नव्हते. त्यांना उत्तर देण्याच्या भरात पायऱ्या जरा जास्तच सुबक झाल्या, आणि दुसऱ्याच दिवशी माशाच्या जागी अर्धं गाव तिथं धुणं आपटताना दिसलं. मी फार ओरडलो. वच्छला म्हणाली, ‘ओरडता काऊन? मासोळी आली का उठतो ना आम्ही.’ आणि खरंच, पाणी चढायला लागल्यावर सगळ्या उठल्या. एवढा शब्द पुरुषांनी कधी पाळला नसता.

आता आखाडीचा दिवस. आदल्या रात्रभर पाऊस होता, पण सकाळी पूर झपाट्यानं उतरला. महाशीर बाईंनी आमच्या सुबक पायऱ्यांकडे ढुंकूनही पाहिलं नाही. त्या गिरजाबाईंच्या धानाच्या बांधीतून शॉर्टकट मारायला गेल्या आणि पाणी ओसरल्यावर चिखलात अडकल्या. केवढी होती, तुम्ही पाहिलीच! पोट अंड्यांनी टम्म. तिला बंधाऱ्याच्या वरच्या अंगाला पाण्यात सोडायचं ठरलं. रंजीताच्या बाळासाठी वच्छलानं अंघोळीचा मोठा टब आधीच आणून ठेवला होता, त्यात पाणी भरून मासोळी ठेवली. आता लेक सासरहून आलेली, तर गावातून तशीच कशी न्यायची? बायकांनी टबाला हळदकुंकू लावलं. ओटी म्हणून तांदूळ पाण्यात टाकले (ते मॅडमना सांगू नका). चौघी टब धरून चालल्या, मी पुढे ओलाचिंब. आणि नेमकी तेव्हाच फाट्यावर एसटी थांबली आणि तुम्ही उतरलात.

भैयाजी, तुमची काहीच चूक नाही. आपल्याकडे आखाडीला व्याही ढिवराच्या घरी येतो तो काही देवदर्शनाला येत नाही. समोर कुंकू लावलेल्या टबात एवढी मासोळी, मागे बायका, पुढे व्याही. कोणालाही वाटेल की हे स्वागत आपलंच आहे. तुम्ही ‘कायले एवढी तकलीफ घेतली जी!’ म्हणत स्वतः टबाची एक कडी धरलीत. मी नुसतं ‘या, बसा’ म्हणालो. त्यात मासा कुठे आला? भर रस्त्यात पाहुण्याला नाही म्हणायची आमच्याकडे रीत नाही. वळणावर बायका नाल्याकडे वळल्या तेव्हा तुम्हाला वाटलं की मासोळी साफ करायला चालल्या, आणि तुम्ही उलट सांगितलंत की डोकं वेगळं ठेवा. टब वाहणाऱ्या सगळ्या बायका एकदम झपाझप चालायला लागल्या ते आठवतं ना? ते म्हणूनच.

जेवायला कोंबडा होता. चांगला घरचा, माजलेला कोंबडा. तुम्ही पूर्ण ताट न्याहाळलंत, मग चुलीमागे डोकावलात, मग विचारलंत, ‘अन् ते कुठी हाय?’ वच्छलानं सांगून टाकलं की सोडली. तुम्हाला ते पटलं नाही. कोण्या साहेबासाठी ठेवली असा तुमचा संशय. भैयाजी, कुलदेवतेची आण घेऊन सांगतो, कोण्या साहेबाला तिचा खवलाही मिळालेला नाही. ती पाण्यात गेली, एकदा शेपटी आपटली, आमच्या सगळ्यांच्या तोंडावर चिखल उडवला आणि वर निघून गेली. मला एवढा आनंद रंजीताच्या लग्नातही झाला नव्हता. (लग्नात काळजी जास्त होती.)

तुम्ही गेल्यावर मी ढासळलो होतो, हे लपवत नाही. संस्थेच्या बैठकीत उभा राहिलो आणि म्हणालो, पोरीच्या बाळंतपणाचा प्रश्न आहे, एकच मासोळी व्याह्यासाठी धरू द्या. गिरजाबाई म्हणाल्या, ‘धर ना बापा. पण गावात कोणाले इवाई नाई ते सांग आधी.’ मी सगळ्यांच्या तोंडाकडे पाहिलं. सगळ्यांना व्याही आहेत, कोणाकोणाला तर चार-चार. मी खाली बसलो. त्या दिवसापासून माझं मन पक्कं आहे. तुम्ही मला शिव्या द्या, पंगतीत शेवटी बसवा, पण या नाल्यातली महाशीर तुमच्या ताटात येणार नाही. आमच्या डोहात तिची पिल्लं पुन्हा दिसेपर्यंत तरी नाही.

वडील माणसं आहात, पोटात घ्याल.

आपला,
वारलू

ता.क. सगळं लिहिलं, मुख्य राहिलं. माझ्यावरचा राग माझ्यावरच काढा, रंजीताला पाठवा. पहिलं बाळंतपण आहे, ती आईवाचून घाबरते. कबूल करणार नाही, पण लहानपणापासून घाबरते.

ता.क. दुसरा. वरचा ता.क. खोडायचा होता, पण कागद चांगला आहे. पत्र पाकिटात घालत होतो तोच रंजीता आणि निकेशराव अंगणात उभे. तुम्ही पोंभुर्ण्याच्या बाजाराला गेलात आणि विहीणबाईंनी पोरीला एसटीत बसवून दिलं. मी ओट्यावर बसून लहान पोरासारखा रडलो. हे पत्र निकेशरावांच्याच हाती पाठवतो आहे, त्यांना बोलू नका. विहीणबाईंचा निरोपही त्यांच्याकडूनच कळला. आमच्याकडे अंडी घालायला चढणाऱ्या लेकी आधी तुमच्या गावावरून जातात, म्हणून तिकडच्या बायकांनीही दसऱ्यापर्यंत बंदी केली आहे. तुमचं मोठं जाळं विहीणबाईंच्या पेटीत आहे. किल्ली मागू नका.

ता.क. तिसरा. बारशाला या. मासा वाढीन, तलावातला रोहू, पोटभर. महाशीर मागू नका. नातू झाला तरी नाही आणि नात झाली तर मुळीच नाही.