अण्णांचं शून्य

अण्णा, तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली की तुमचा आवाज आठवायला आता जरा थांबावं लागतं. भूकंपाच्या आठवड्यातली ती दुपार मात्र अजून स्पष्ट दिसते. लातूरच्या दवाखान्यात तुम्ही एक्स-रे काढायचात आणि तीन दिवस घरी फिरकला नव्हतात. मी अकरावीला. मेडिकलच्या क्लासला निघताना आईने तुमचा डबा माझ्या हातात दिला. दवाखान्यात व्हरांडाभर माणसं झोपवलेली, हातपाय फळ्यांना बांधलेले, अंगावरची माती तशीच. आत तुम्ही एकामागून एक फोटो काढताय आणि तुमच्या छातीवर बॅज नाही. अंगावर किती किरणं पडली ते त्यातल्या फिल्मवरून कळतं, हे तुम्हीच मला कौतुकाने दाखवलं होतं. तो बॅज ड्रॉवरमध्ये, पानाच्या डब्याशेजारी पडलेला.

"अण्णा, बॅज लावला न्हाई?"

"राहू दे. रीडिंग वर गेलं की घरी बसवतात. भायेर बघितलंस का, किती लोक हायत? जा, क्लासला उशीर व्हायलाय तुला."

मी गेले. पुढे तुम्हाला ती सवयच लागली. बॅज ड्रॉवरमध्ये, आणि तो वापरल्याची रजिस्टरवर तुमची सही.

माझं मेडिकल हुकलं तेव्हा तुम्ही चार दिवस माझ्याशी बोलला नाहीत. तुमची नांदेडला बदली झाली, तिथे मी संख्याशास्त्र घेतलं. किरणं आणि कॅन्सर यांचा संबंध मोजणं हेच आता माझं पोटापाण्याचं काम आहे. तुम्हाला रक्ताचा कॅन्सर निघाला तेव्हा तुम्ही विचारलंत, "तू आकडेवाली ना? मग सांग, मशीनमुळंच झालं का हे?" मी म्हणाले, एका माणसाचं सांगता येत नाही, हजारोंचं सांगता येतं. उत्तर बरोबर होतं. तुम्ही कूस बदललीत. त्या उत्तराची मला अजून लाज वाटते.

गेल्या महिन्यात एक्स-रे काढणाऱ्यांच्या जुन्या नोंदी माझ्याकडे तपासायला आल्या. त्यात नावं नसतात. पण जन्मसाल, लातूर, मग नांदेड, तो आजार. तुम्हाला ओळखायला वेळ लागला नाही. किरणांच्या रकान्यात शून्य. म्हणजे आमच्या लेखी तुम्ही किरणं न लागता कॅन्सर झालेले गृहस्थ. अशी माणसं जितकी जास्त, तितकं ते मशीन निर्दोष ठरतं, आणि आज त्या खोल्यांत उभ्या असणाऱ्यांना आम्ही सांगतो की भ्यायचं कारण नाही. दुरुस्ती करायची तर तुमची सही खोटी होती असं लिहावं लागलं असतं. साक्षीदार मी एकटी.

चार आठवडे फाईल माझ्याकडेच होती. रडू वगैरे आलं नाही. वेळेवर जेवले, मीटिंगा केल्या. काल शून्य तसंच ठेवून फाईल पुढे पाठवली.

तुमचं नाव राखलं, असं स्वतःला सांगून पाहिलं. ते खरं नाही. दुरुस्ती केली असती तर कुणीतरी मला विचारलं असतं, "तुम्हाला हे अकरावीपासून माहीत होतं, मग वडील आजारी पडेपर्यंत तुम्ही गप्प का राहिलात?"