आठव्या थांब्यावर म्हटलेलं ‘येतो’

ती. वहिनी,

साष्टांग नमस्कार. (साष्टांग कागदावरच. उजवा गुडघा वाकत नाही, तेव्हा उभ्याउभ्याच केला असं समजून घ्या.) तुमची पाठ कशी आहे? दादाचा रक्तदाब आणि दादाचा माझ्यावरचा राग, दोन्ही आटोक्यात आहेत ना? दोन्हींपैकी एकच उतरणार असेल तर रक्तदाब उतरू दे. रागाची मला अकरा वर्षांत सवय झाली आहे. इकडे मी मजेत. काही काम नाही, काही मागायचं नाही, सहज आठवण आली म्हणून लिहायला बसलो. (इथे तुम्ही चष्मा कपाळावर सारून ‘सहज?’ म्हणालात, ते मला ऐकू आलं.)

मी नेमकं काय काम करतो हे तुम्हाला अजून उमगलेलं दिसत नाही, कारण मागच्या पत्रात तुम्ही ‘लोकांना रस्ता दाखवण्याचं काम अजून चालू आहे का’ असं विचारलंत. रस्ता त्यांना दिसतो, वहिनी. मी त्यांना जुन्या वस्तीतून पायी फिरवतो. सकाळी दहाला पर्यटन कार्यालयाच्या दारात आपली भाषा बोलणारे वीसेक पाहुणे जमतात (इतर भाषांचे पाहुणे इतरांकडे, त्यांच्या छत्र्या निळ्या आणि लाल), मी माझी पिवळी छत्री उंच धरतो आणि आम्ही निघतो. वस्ती म्हणजे पाच गल्ल्या, आणि पाच गल्ल्यांत पाच भाषा. कोणी डोंगरापलीकडून आलेले, कोणी बोटीतून उतरलेले, कोणी आजोबांच्या वेळी दोन वर्षांसाठी म्हणून आलेले. एका गल्लीतल्या बायका खिडक्यांतून जे बोलतात ते कोपऱ्यावरच्या न्हाव्याला कळत नाही, आणि न्हावी आरशाशी जे बोलतो ते त्याच्या बायकोलाही कळत नाही. डोक्यावर दोरीवरचे शर्ट हळूहळू हलत असतात, कुठल्यातरी माडीवर पियानो शिकणारं कोणीतरी रोज त्याच जागी चुकतं, उन्हाची एक पट्टी भिंतीवरून आमच्याबरोबर सरकत असते. मला पुष्कळदा वाटतं की मी झोपेतच चालतो आहे आणि जाग येऊ नये म्हणून बोलत राहिलो आहे. कार्यालयातल्या बाईंचंही मत काहीसं असंच आहे, पण त्या ते वेगळ्या सुरात सांगतात.

आमच्या धंद्यात उलटं चालावं लागतं, हेही तुम्हाला सांगितलेलं नाही. पाहुण्यांकडे तोंड करून बोलायचं तर पाठ रस्त्याकडे करावी लागते. (गुडघ्याचं मूळ तिथे आहे. दिव्याच्या खांबांचीही थोडी मदत झाली.) त्यामुळे ही वस्ती मी बारा महिने तेरा काळ फक्त मागे पडतानाच पाहतो. एखादं दुकान जवळ येताना कसं दिसतं ते मला विचारू नका. लांब जाताना कसं लहान होत जातं ते विचारा, पायरीसकट सांगेन.

आठवा थांबा छत्रीवालीचा. कार्यालयाच्या यादीत तो मुळात नव्हता. चार वर्षांपूर्वी बोटीवाल्यांच्या गल्लीत माझ्या छत्रीच्या तीन काड्या मोडल्या (वारा नव्हता, मी एका पाहुण्याला घुमट कसा असतो ते छत्रीने दाखवत होतो) आणि समोर नेमकं छत्र्या दुरुस्त करायचं दुकान. आत छताला वीस-पंचवीस छत्र्या उघड्या टांगलेल्या, मधून उजेड गाळून येतो, कुठे हिरवा, कुठे जांभळा, आणि त्या सगळ्या रंगांखाली एक बाई तोंडात दोरा धरून काडी शिवत बसलेली. वय माझ्याएवढं किंवा एखाददोन वर्षांनी कमी. तिने वर पाहिलं आणि मी घुमटांबद्दल काय बोलत होतो ते साफ विसरलो. त्या दिवसापासून तो आठवा थांबा झाला. पाहुण्यांना मी सांगतो की हे वस्तीतलं एक महत्त्वाचं ठिकाण आहे. का, ते कोणी विचारलं नाही. छापील पत्रिकेत असलं की लोक विचारत नाहीत.

आता माझ्या हातून झालेल्या चुकीकडे येतो. (बघा, इथेही ‘येतो’च आलं.) तुम्हाला आमच्या आईचा नियम ठाऊक आहे. दारातून ‘जातो’ म्हणून बाहेर पडलं की ती हाताला धरून परत आत ओढायची, खाली बसवायची आणि ‘येतो’ म्हणून पुन्हा निघायला लावायची. मी हा नियम कुठेही मोडत नाही. बसमधून उतरताना वाहकाला येतो म्हणतो, दात काढून घेतल्यावर दातांच्या डॉक्टरला येतो म्हणतो, तो घाबरतो. तेव्हा छत्रीवालीच्या दुकानातून निघताना मुकाट्याने निघणं काही जमेना. शेजारी एक म्हातारा बुकबाइंडर आहे, त्याला तिची भाषा येते आणि आपली थोडी. त्याला विचारलं, तुमच्यात ‘येतो’ कसं म्हणतात? तो म्हणाला, “कोण येतो?” मी म्हटलं, मी. त्याने सरळ शब्द दिला. त्याची काहीच चूक नाही.

तेव्हापासून, वहिनी, चार वर्षं, रविवार सोडून रोज साडेअकराला मी आठव्या थांब्यावरून मागे मागे जात, छत्री उंच धरून, तिच्या भाषेत खणखणीत ‘येतो!’ म्हणत आलो. ती काम ठेवून दारात यायची आणि आम्ही वळणाआड जाईपर्यंत उभी राहायची. मी उलटा चालत असल्यामुळे मला सगळं दिसायचं. केवढी ही रीतभात, असं मनात यायचं, आणि खोटं कशाला सांगू, दिवसाचा उरलेला भाग त्या दाराच्या चौकटीवरच निघायचा. हळूहळू गल्लीतले लोक मला एका ठरावीक शब्दाने हाक मारू लागले. पानाफुलांची दुकानदारीण, चांभार, शाळेतून सुटलेली पोरं, सगळे तोच शब्द. मी समजलो, याचा अर्थ वाटाड्या. मला इतकं बरं वाटलं की मी तो माझ्या बिल्ल्यावर छापून घेतला. नावाच्या खाली, ठळक अक्षरात.

गेल्या मंगळवारच्या पाहुण्यांत एक आजीबाई होत्या. मूळच्या छत्रीवालीच्याच भाषेच्या, आणि सुनेमुळे आपली भाषा फाडफाड बोलणाऱ्या. सात थांबे त्या एक अक्षर बोलल्या नाहीत. आठव्यावर मी नेहमीप्रमाणे ‘येतो’ म्हणून चार पावलं मागे गेलो, तर बाई सरळ दुकानाच्या पायरीवर बसल्या. मी म्हटलं, पुढे नववा थांबा आहे. त्या म्हणाल्या, “पुढे कुठे? तुम्ही तिला आत्ताच म्हणालात ना, मी येतोय म्हणून? मग जा की आत. आम्ही बसतो.” मी हसून समजावलं की ती नुसती म्हणायची रीत आहे, मी रोजच म्हणतो. आजीबाईंचा चेहरा असा झाला की मी छत्री खाली घेतली. “रोज म्हणता? आणि येत नाही?” मग त्यांनी माझा बिल्ला वाचला आणि एकोणीस पाहुण्यांसमोर त्याचा अर्थ सांगितला: येतो म्हणून न येणारा.

पाहुण्यांत दोन तट पडले. एक जोडपं म्हणालं, माणसाने निदान चहा तरी घ्यायला हवा होता. एका गृहस्थांनी वही काढून हा थांब्याचाच भाग आहे का असं विचारलं आणि माझ्या उत्तराची वाट न पाहता लिहायला सुरुवात केली. छत्रीवाली आत मान खाली घालून काडी शिवत होती. तिला काय चाललंय ते कळलं होतं की नाही, देव जाणे. नवव्या, दहाव्या आणि अकराव्या थांब्यावर मी काय बोललो ते मला आठवत नाही. पाहुण्यांनी अभिप्रायात ‘मनापासून बोलतात’ असं लिहिलं आहे.

दुपारी बुकबाइंडरकडे गेलो. तो पुठ्ठ्याला खळ लावत होता, तसाच लावत राहिला आणि सांगत गेला. छत्रीवालीचं दुकान पूर्वी पाचला बंद व्हायचं. चार वर्षं झाली, ते सातपर्यंत उघडं असतं. पाचला ती एक खुर्ची पुसून बाहेरच्या बाजूला ठेवते, दोन कप काढते, सातला एक कप तसाच परत आत जातो. गल्लीतल्यांनी तिला पुष्कळदा सांगितलं की तो माणूस वेडा आहे, सोडून दे. तिचं म्हणणं, वेडा असता तर कधीतरी बोलायचा विसरला असता. हे ऐकून मी बुकबाइंडरच्या खळीच्या भांड्यात हात घातला. मुद्दाम नाही, टेकायला गेलो आणि भांडं तिथे होतं.

वहिनी, मला फार लाज वाटली. अजूनही वाटते. आणि त्या रात्री डोळ्याला डोळा लागेना तेव्हा छत्रीवालीच्या दाराबरोबर तुमचंही दार दिसायला लागलं. अकरा वर्षांपूर्वी तुम्ही माझ्यासाठी बोलावलेले पाहुणे बाहेरच्या खोलीत बसले होते, मुलगी कपाटातली पुस्तकं बघत होती, आणि मी तुम्हाला म्हणालो, कोपऱ्यावरून जाऊन येतो. तुम्ही म्हणालात, लवकर या. मग मी या शहरात नोकरी धरली. मी आजवर समजत आलो की आपल्या भाषेत त्याचा अर्थ तुम्हाला कळला असणार. पण तुम्ही त्या दिवशी किती वेळ दारात उभ्या होतात, ते मी कधी विचारलं नाही. तुमच्या दारातून निघताना मी सरळ चालत होतो, त्यामुळे मला दिसलंही नाही.

असो. आता ठरवलं आहे. बुकबाइंडरकडून माफीची तीन वाक्यं तिच्या भाषेत पाठ करून घेतली आहेत: माझी चूक झाली. आमच्यात येतो म्हणजे जातो. यापुढे वाट पाहू नये. उद्या जाऊन एवढं म्हणायचं, बिल्ला काढून टाकायचा आणि आठवा थांबा यादीतून खोडायचा. तिसरं वाक्य सारखं चुकतंय. बुकबाइंडर म्हणतो की उच्चार बरोबर आहे, आवाजच बाहेर येत नाही. पण ते म्हटलंच पाहिजे, नाहीतर ती बिचारी आणखी चार वर्षं कप काढत राहील. तुम्ही काळजी करू नका. पाठीला जपा, दादाला माझा नमस्कार सांगा. (रागाने पाहिलंच तर सांगितला नाही असं सांगा.)

तुमचे,
भाऊजी

ता. क. हे पत्र टाकायचं राहिलं. आज सोळावा दिवस. दुसऱ्या दिवशी ठरल्याप्रमाणे पाचला गेलो, छत्री नाही, पाहुणे नाहीत, आणि पहिल्यांदाच सरळ तोंडाने चालत. त्यामुळे दुकान ओळखूच आलं नाही. दोनदा त्यावरून पुढे गेलो. तिसऱ्या वेळी तिनेच हाक मारली, बिल्ल्यावरच्या शब्दाने. मी उभ्याउभ्या दोन वाक्यं म्हटली. तिसरं म्हणायच्या आत ती म्हणाली (बुकबाइंडर दारात येऊन सांगत होता, त्याला कोणी बोलावलं नव्हतं), जो खरंच येणार असतो तो तुमच्यात काय म्हणतो? मी म्हटलं, तोही येतोच म्हणतो. ती इतकी हसली की टांगलेल्या दोन छत्र्या खाली आल्या. मग म्हणाली, तू येतो म्हणालास आणि आलास. यायला उशीर झाला एवढंच. यात चूक कसली? तिसरं वाक्य मी विसरलो. त्यानंतर रोज पाचला तिथे असतो. आठवा थांबा यादीत आहे.

पुन्हा ता. क. वर ‘काही मागायचं नाही’ लिहिलं आहे ते खोडू नका, नुसतं वाचून सोडून द्या. मी तिला बुकबाइंडरमार्फत अकरा वर्षांपूर्वीची गोष्ट सांगितली. ती हसली नाही. तिचं म्हणणं, एका दारात उशिरा का होईना पोचलास, मग दुसरं का राहावं? आम्ही दोघं पुढच्या महिन्याच्या दहा तारखेला तुमच्याकडे यायचं ठरवलं आहे. दादाला हे तुम्हीच सांगायचं, रक्तदाब मोजून झाल्यावर. तिला तुम्हाला बघायचं आहे, आणि मला, वहिनी, तुमची माफी मागायची आहे, त्यासाठी कोणाकडून वाक्यं पाठ करावी लागणार नाहीत. माझ्या ‘येतो’वर तुम्ही विश्वास ठेवावा असं मी काही शिल्लक ठेवलेलं नाही. म्हणून पत्राच्या तळाची ओळ तिच्याकडून, तिच्या भाषेत आणि तिच्याच अक्षरात लिहून घेतली आहे. तुम्हाला ती वाचता येणार नाही, पण तिथे ‘येतो’ लिहिलं आहे, आणि त्या भाषेत त्याचा एकच अर्थ होतो. गाद्या उन्हात टाका.