मायच्या जात्याची खुशाली

अमरावती, रविवार दुपार

तीर्थस्वरूप वच्छलाबाई हिच्या चरणी धाकटा भाऊ शालिकराम याचा साष्टांग नमस्कार.

पत्राला फार उशीर झाला, त्याची आधी माफी मागतो. तुझे चार फोन येऊन गेले आणि चारही वेळा मी मोरीत आहे असं तुझ्या भावजयीनं सांगितलं, ते खोटं होतं. मी खाटेवर बसून फोनकडे पाहत होतो. फोनवर तू मधेच प्रश्न विचारतेस आणि माझं बोलणं तुटतं. पत्रात तुला मधे बोलता येत नाही, म्हणून कागद घेतला. (सातवीनंतर सलग एवढं लिहायची सवय राहिली नाही, अक्षर सांभाळून घे.) भाऊजींचा गुडघा कसा आहे? जिना चढू देऊ नको, उतरू तर मुळीच देऊ नको. मांडवात पंखे किती लावणार? अकोल्याचं ऊन आठवलं की मला इथे बसल्या जागी चक्कर येते, आणि प्रणाली तर शालू नेसून उभी राहणार. लिंबूपाणी नवरीच्या हाताशी ठेवा. नवरदेवाच्याही.

तू विचारलंस की मायचं जातं कधी पाठवतो. जातं सुखरूप आहे. तडा नाही, टवका नाही, खुंटा जागेवर आहे. येत्या गुरुवारी हळद आहे, हे माझ्या पक्कं ध्यानात आहे. त्याच जात्यावर तुझी हळद दळली, तुझ्या लेकीची दळली, आता नातीचीही त्यावरच दळायची, याबद्दल माझं काहीच म्हणणं नाही. तुझा किशोर मंगळवारी टेम्पो घेऊन आला की त्याच्या हवाली करतो. तर जात्याचा विषय इथे संपला. आता इकडची हकिकत ऐक.

माझी नात मोनाली स्कॉटलंडात नर्स आहे, हे तुला माहीतच आहे. (तिथे वारा इतका असतो की माणसं तिरपी चालतात. मी तिला सांगितलं, खिशात वजन ठेवत जा.) फेब्रुवारीत टीव्हीवर बर्फावरच्या खेळांचे सामने लागले, तेव्हा तिचा फोन आला, "आबा, ते दगडांचं पाहा, आमच्या इकडचे दगड आहेत." मी लावलं. बर्फाची लांबच लांब पट्टी, पलीकडच्या टोकाला रंगीत गोल, आणि चार-चार जणांच्या दोन टोळ्या त्या गोलाच्या मध्याकडे दगड सरकवून राहिलेल्या. दगड गोल, जवळजवळ वीस किलोचा, आणि वर धरायला मूठ. बाई, मी खाटेवर उठून बसलो. ती आपल्या जात्याची वरची तळी होती! खुंट्यासकट! फक्त खालची तळी नव्हती, तिच्या जागी बर्फ होता.

मग मी मोनालीला रोज विचारून विचारून सगळी माहिती काढली. या खेळाला कर्लिंग म्हणतात. मोठ्या सामन्यांचे दगड एल्सा क्रेग नावाच्या एका बेटावरून येतात. बेट म्हणजे समुद्रातून वर आलेला एकच डोंगर, मोनालीच्या बसच्या खिडकीतून दिसतो. तिथे माणूस राहत नाही, पक्षी राहतात. आणि पक्ष्यांचं राज्य असल्यामुळे सुरुंग लावायला बंदी! सुटे पडलेले धोंडे तेवढे उचलायचे, तेही पक्ष्यांची वीण आटोपल्यावर, आणि तेही दरवर्षी नाही. एकदा नावा भरून आणले की कितीतरी वर्षं पुरवतात. आपल्याकडे डोंगराच्या डोंगर खडी होऊन रस्त्याखाली गेले, आणि तिकडे दगड न्यायचा तर आधी पाखरांची सोय पाहतात. मला हे ऐकून इतकं बरं वाटलं की मी तुझ्या भावजयीला दोनदा सांगितलं. (लगेच काळजीही लागली, की धोंडे संपले तर पुढे काय? मोनाली म्हणाली, "आबा, तुमच्या-माझ्या हयातीत नाही संपत." तिनं स्वतःला माझ्या रांगेत बसवलं, ते मला आवडलं नाही.)

त्या बेटावर दगडाच्या जातीही वेगळ्या. एक टक्कर सोसणारी, तिचं अंग करतात. दुसरी निळसर, इतकी घट्ट की पाणी आत शिरूच देत नाही, ती पोटाला बसवतात. पाणी शिरलं तर आत गोठून दगडाचे पापुद्रे निघतील, म्हणून. आणि पोट सपाट नसतं बरं का. मधे खोलगट, आणि टेकतं फक्त एक बारीक कडं. वीस किलोचं ओझं एवढ्याशा कड्यावर! बर्फही सपाट नसतो. त्यावर पाण्याचे थेंब शिंपडून गोठवतात आणि दगड त्या बारीक दाण्यांवरून चालतो. पुढे दोघं ब्रश घेऊन घासत पळतात, त्यानं बर्फ किंचित गरम होतो आणि दगड लांब आणि सरळ जातो. पण एकदा हातातून सुटलेल्या दगडाला कोणी शिवायचं नाही. आपण पोरांना मागून ढकलत आलो; हे लोक पुढून वाट घासतात. मी यावर दोन दिवस विचार केला.

खरी गंमत पुढेच आहे. सोडताना मुठीला हलका पीळ देतात, म्हणून दगड जाता जाता दोन-तीन वेळा सावकाश फिरतो आणि शेवटी चार-पाच फूट कडेला वळतो. उजवीकडे फिरवला तर उजवीकडे. तू म्हणशील, यात काय नवल? तर एक स्टीलचा गिलास पालथा घाल, फरशीवर उजवीकडे फिरवत सरकव. तो डावीकडे जातो! मी तीस वेळा करून पाहिलं. (तुझी भावजय म्हणाली, "पाणी मांगणाऱ्याले आता मी वाटीत देऊ का?") गिलास एकीकडे आणि दगड दुसरीकडे का जातो, यावर मोठमोठे शिकलेले लोक शंभर वर्षं झाली भांडून राहिले आणि अजून त्यांचं एकमत नाही. बाई, आयुष्यात पहिल्यांदा असं वाटलं की या भांडणात सातवीवाल्यालाही बसायला जागा आहे.

आता मला एकदा डोळ्यानं पाहायचं होतं, एवढंच. घरात तसा दगड एकच. त्याची वरची तळी ऑटोत घालून मी देवमनकडे नेली. हा देवमन स्वयंपाकाच्या ओट्यांचे ग्रॅनाईट कापतो, हात फार चांगला. मी त्याला मोबाईलवर दगडाचं पोट दाखवलं. तो म्हणाला, "कावून बाबाजी, जात्याचं पोट घासून त्याच्यावर पापड लाटता का?" मी म्हटलं, "नाही, मले ते बर्फावर सरकवाचं हाय." त्यानं आधी उन्हाकडे पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं आणि मला सावलीत बसवून पाणी दिलं. पण मी बेटाची हकिकत सांगायला लागलो तसा तो हातातलं काम सोडून ऐकत बसला. मग त्यानं मशीन लावलं. मधे खोलगट, कडेला करंगळीएवढं कडं, त्यावर तीन वेळा पॉलिश. आपला काळा दगड काय उजळला म्हणून सांगू! मायनं जन्मभर जी बाजू खाली ठेवली, तिच्यात मला माझं तोंड दिसलं. (दाढी वाढली होती.)

बर्फ मोतीरामकडे होता. मोतीराम माझा शेजारी, त्याचं मंगल कार्यालय आहे. एका लग्नाची वेळ संध्याकाळवर गेली, म्हणून बर्फाच्या लाद्या तरटाखाली पडून होत्या. दहा लाद्या आम्ही शेडमध्ये एकापुढे एक मांडल्या. मला काळजी, की तळी पलीकडे पडून फुटली तर? म्हणून टोकाला पाहुण्यांच्या अकरा गाद्या रचल्या. झारीनं थेंब शिंपडले, पण इथे थेंब गोठायच्या ऐवजी बर्फालाच सोबत घेऊन वाहू लागले. मोतीरामच्या हातात फडा दिला, तर म्हणतो, "शालिकभाऊ, मी इथला मालक हाय, झाडणारा नोहे." मी म्हटलं, "तिकडे देशाची मोठमोठी माणसं झाडून राहिली, तू कोण लागून गेला?" मग लागला झाडायला.

मी गुडघा टेकला, खुंट्याला उजवा पीळ दिला आणि सोडला. बाई, काय सांगू. लांबून मालगाडी यावी तसा बारीक घुमणारा आवाज झाला. दगडाला जणू वजनच नव्हतं. एक वेढा सावकाश घेतला, पाटावर बसताना म्हातारं माणूस पदर सावरतं तसा, आणि शेवटच्या लादीवर तो अलगद उजवीकडे वळला. मी पाहिलं. मोतीरामनं पाहिलं. तुझी भावजय म्हणते, लादीच तिरपी होती. मग तळी गाद्यांवर जाऊन बसली, टवकासुद्धा उडाला नाही. मोतीराम फडा खांद्यावर टाकून म्हणाला, "अजून एक डाव." आम्ही बर्फ संपेस्तोवर खेळलो.

तर इकडे सगळं असं ठीक आहे. हे पत्र मोतीरामच्या शेखरबरोबर देतो, तो उद्या सकाळच्या गाडीनं अकोल्याला येतो आहे. पाहुण्यांसमोर मोठ्यानं वाचू नको. भाऊजींना नमस्कार, प्रणालीला आशीर्वाद.

तुझा धाकटा भाऊ,
शालिकराम

ता. क. – वर 'जातं सुखरूप आहे' असं लिहिलं, ते खरं आहे. फक्त ते दळत नाही. तुझ्या भावजयीनं काल हळकुंडाचे कुटलेले तुकडे घालून अर्धा तास फिरवलं. जसे घातले तसेच बाहेर आले, पुसून ठेवल्यासारखे. "दळून नाही राहिलं, मालिश करून राहिलं," असं ती म्हणाली आणि तेव्हापासून माझ्याशी बोलली नाही. दळायला दोन्ही तळ्या खरबरीत लागतात हे मला ठाऊक होतं. देवमनलाही होतं. त्या दिवशी आम्ही दोघं त्या बेटावर होतो, एवढंच सांगतो.

आणखी एक – जात्याला टाकी लावून तळी पुन्हा खरबरीत करणारे पूर्वी गल्लीगल्लीत हाक देत यायचे. आठ दिवस शोधतो आहे, अमरावतीत एकही सापडला नाही. तुमच्याकडे जुन्या शहरात कोणी असेल तर पत्र मिळताच त्याला गाठ. बुधवारी टाकी लागली तर गुरुवारी हळद दळता येईल. विकतची पूड आणून जात्याखाली ठेवायची, कोणाला समजते, अशी मोतीरामची सूचना आहे. मी नाही म्हटलं. मायच्या जात्याखाली खोटी हळद नको. तू मला काय बोलायचं ते बोल, पण माणूस शोध.

अगदी शेवटचं – मंगळवारी किशोरबरोबर मीही येतो, तळी मांडीवर घेऊन बसेन. टाकीवाला मिळाला तर त्याला बुधवारी दुपारची वेळ दे, सकाळची देऊ नको. तुम्ही लग्नाला घेतलेल्या मंगल कार्यालयात नवी गुळगुळीत फरशी बसवली आहे, प्रणालीच्या फोटोत दिसली. ती दारापासून स्टेजपर्यंत किती फूट आहे आणि बुधवारी सकाळी तिथे कोणी असतं का, एवढं लवकर कळव. फोनच कर. आता उचलतो.