वठलेलं झाड

तीर्थरूप आईस, लांबूनच पाया पडतो.

मी ठणठणीत आहे. खोली गळत नाही, काळजी नको.

इथलं जंगल राखायचं कामच मला उलटं वाटतं. साहेब म्हणतात, दाटीतली धडधाकट झाडं तोडा, खाली ऊन पोचू दे. वठलेलं मात्र राखा, ढोलीत घुबडं राहतात. आणि तू तर सरपणाला वठलेलंच बघायला शिकवलंस!

काल तुझ्याच वयाची एक बाई असंच एक वठलेलं झाड तोडत होती. मी कोयता काढून घेतला. म्हणाली, "तुमची ओली लाकडं नुसती धुमसतात. चूल काय घुबडावर पेटवू?" साहेबांचंही पटतं, तिचंही. कोयता माझ्याच खोलीत पडलाय.

तुझे गुडघे कसे आहेत? सरपणाला जातेस तेव्हा तिथला रखवालदार नीट बोलतो ना गं तुझ्याशी?

तुझा,
धाकटा