मोरीतला साबण

सॉल्टपॉन्ड, शुक्रवार दुपार

मोरीच्या तोंडावर ताटली उपडी घातली आहे, ताटलीवर माझा डावा पाय आहे, आणि पायाखाली लिंबाचा रस, सिरका आणि खायचा सोडा खदखदतो आहे. शेजारीण म्हणाली, फेस वर येऊ द्यायचा नाही, खालीच कामाला लावायचा. पाय उचलता येत नाही, तेव्हा म्हटलं ताईला पत्र तरी लिहावं. ताई, धाकट्या अराबाचा नमस्कार. तुझे गुडघे कसे आहेत? दाजींचा खोकला गेला का? (गेला नसेल तर तूर्त कळवू नकोस. इथे काळजी करायला कोणी मोकळं नाही.)

मंगळवारी बाळाला उंबऱ्याबाहेर आणून नाव ठेवलं. एबो, म्हणजे मंगळवारचा, जशी मी अराबा. माझ्याच वारी जन्मला, हे विहीणबाईंना अजून पचलेलं नाही. जेवणं झाली, अंगणातल्या नळाला पाणी नव्हतं, म्हणून पामफळांच्या साराची पातेली मोरीत घासली गेली. कोणी घासली यावर बोलायचं नाही असं ठरलं आहे. (त्यांच्याकडच्या बायकांनी.) तेव्हापासून मोरी तुंबली आहे. अमा बादुआ, म्हणजे आमच्या विहीणबाई, रोज सकाळी मँकेसिमहून नातवाला न्हाऊ घालायला येतात आणि घोट्यापर्यंत पाण्यात बसतात. काल म्हणाल्या, "आमच्याकडे पाणी कसं धबाधबा जातं. रविवारपर्यंत ही वाहिली नाही, तर बाळ-बाळंतीण मी घेऊन जाते." कुकुआ माझ्याकडे बघत राहिली. लग्नानंतर पोरगी पहिल्यांदाच एवढी राहते आहे, ताई. बाळ रडलं की अर्धवट झोपेत मला हाक मारते, लहानपणी मारायची तशी. ती गेली की पुन्हा नाताळलाच दिसणार, तीही पाहुणीसारखी.

जावई बाजारातली जळजळीत पूड आणायला निघाला होता. मी अडवलं. जिथे लेकराची टाळू भिजते तिथे विष नको. शिवाय ते पाणी पुढे माझ्या अळूला आणि बदकांना जातं. आता पाय उचलते.

(संध्याकाळी, कोरड्या पायांनी.) फेस माझ्या पोटरीपर्यंत आला. पाणी जागचं हललं नाही. विहीणबाई आज गंमत बघायला मुद्दाम थांबल्या होत्या, दारातून म्हणाल्या, "आंबट झालंच आहे, आता मीठ-मिरची घाला." मग मला तुझी राख आठवली. केळीच्या सालींची राख भिजवून तू ज्या पाण्याने तेलकट पातेली घासतेस, ते. तू सांगितलं होतंस वाटीभर. पण तू मापाला पहिल्यापासून चिक्कू, म्हणून मी बादलीभर ओतलं आणि वर उकळतं पाणी. (तुझा साबणाचा धंदा, तुझ्या हे आत्ताच लक्षात आलं असेल. मला थोडा वेळ लागला.) पाइपात साराचं तेल, वरून राखेचं पाणी, त्यात ऊब. झाडूच्या काडीने टोकरलं तर तपकिरी, मऊ गोळा वर आला. मी मोरीत काळा साबण शिजवला होता.

विहीणबाईंनी तो हुंगला, बोटांत चोळला. "घट्ट झालाय. माझी आई याहून मऊ करायची."

"तुमच्या आईकडे मोरी नसेल," मी म्हणाले.

त्या हसल्या. मी त्यांना हसताना कधी पाहिलं नव्हतं. दात चांगले आहेत. मग म्हणाल्या, "अगं अराबा, साबण कशाने विरघळतो?" (मला अगं म्हणाल्या, विहीण असून.) लुगडं खोचून त्या मोरीत बसल्या. मी पाणी तापवून देत होते, त्या ओतत होत्या आणि पामच्या झाडूची काडी आत फिरवत होत्या. गोळा सुटत होता, अडकत होता, आम्ही त्याला दोघी मिळून शिव्या देत होतो. काही त्यांच्या गावच्या होत्या, मला नवीन. अखेर पाइपाने मोठी ढेकर दिली आणि सगळं पाणी एकदम गेलं. तेवढ्यात बाहेरून कुकुआ ओरडली, "आई, बदकं बघ!" गटारातून फेस उसळत होता आणि बदकं गळ्यापर्यंत पांढरी होऊन आमच्यावर चिडली होती. मी पिंपभर पाण्याने गटार धुतलं, बदकंही धुतली.

विहीणबाई ओल्या हातांनीच कुकुआला म्हणाल्या, "राहा गं इथेच. पाणी चांगलं जातंय."

तुला नमस्कार, दाजींना नमस्कार, तुझ्या कढयांना नमस्कार.

तुझी
अराबा

ता. क. बाळासाठी साबण पाठव. लवकर पाठव. मोरीतलाच लावू, ताजा आहे, असं विहीणबाई म्हणतात आणि त्या थट्टा करत नाहीत.

ता. क. दुसरा. एक नको, दोन वड्या पाठव. एक त्यांच्या नावाने, आणि माझ्या वडीहून लहान नको. त्यांची नजर बारीक आहे.

शनिवार. पत्र टाकायचं राहिलं होतं. सकाळी मँकेसिमहून टॅक्सी आली. विहीणबाईंची ट्रंक आणि गादी उतरली. माझ्या खोलीत ठेवली आहे.