वायर मी कापली होती

प्रिय दादा,

आज तुझी मोटारसायकल ताडपत्रीखालून काढली. वहिनी चालवायला शिकल्यात, नोकरीवर न्यायचीय त्यांना. "भावजी, मिस्त्रीनं बाकी सगळं ठीक केलंय, एक्सिलेटरची वायर तेवढी बदली करून द्या," म्हणाल्या. म्हणून लिहितोय. वर्षभर तोंड शिवून बसलो होतो रे!

आठवतं? तू हौसेनं ठेंगणं हँडल बसवलंस आणि वायर लांब पडून लोंबायला लागली. "बाजारातून छोटी आणू या," तू म्हणालास. मी म्हटलं, "कशाला? कापून देतो की!" पीथमपुरात गाड्यांच्या कारखान्यात आहे ना मी, मग काय, तुझा डोळे झाकून भरवसा. अरे, मी तिथे सीटा बसवतो, सीटा! एकदा तरी विचारायचं होतंस, तुला येतं का म्हणून.

वरचं कव्हर कापलं, आतली तार कापली, टोकाला स्क्रू आवळला. हँडल सरळ ठेवून रेस दिली. मूठ फिरली, परत आली. "एकदम झकास, भिया!" म्हणत तू पाठीत धपाटा घातलास. अजून जाणवतो.

दुसऱ्या दिवशी चंपाषष्ठी. आत्याच्या घरच्या खंडोबाला भरीत-रोडग्याचा डबा घेऊन तू देवासहून धारला निघालास. तिच्या अरुंद गल्लीत डावीकडे काटकोनात वळलास आणि गाडी एकदम उसळून ट्रॅक्टरच्या उभ्या ट्रॉलीवर गेली. डबा शाबूत होता. तू गेलास.

"नैवेद्य का टाइम हो गया था, खींच दी होगी," लोक म्हणाले. वहिनी अजून तुझ्या फोटोशी भांडतात, "एवढी कसली घाई होती हो?" मी मान खाली घालून ऐकतो. तुला घाई कधी होती, दादा? चहासुद्धा बशीत निववून प्यायचास!

आज जुनी वायर काढण्याआधी गाडी स्टँडवर लावून चालू केली. हँडल डावीकडे पूर्ण वळवलं. उजव्या मुठीला माझा हात नव्हता, तरी इंजिन किंचाळलं. वायर आखूड झाली होती, वळवलं की ताणली जात होती. तेव्हा मी हँडल वळवून पाहिलंच नव्हतं! दोन मिनिटांचं काम होतं रे. तिथेच बसून रडलो.

आता बरोबर मापाची नवी वायर घातलीय. किंचित ढील ठेवलीय. मूठ सोडली की झटकन परत येते. हँडल दोन्हीकडे टेकवून पाहिलं, आवाज जराही चढला नाही. वहिनींनाही स्वतः वळवून पाहायला लावीन.

पण आधी हे पत्र. त्यांची शाळा हिंदी, मराठी वाचायला अडखळतात. तेव्हा मीच समोर बसून मोठ्यानं वाचीन, एक ओळ गाळणार नाही. मग त्यांनी मला दारात उभं केलं नाही तरी चालेल. आजपासून तुझ्या फोटोशी कुणी भांडणार नाही, हे वचन.

स्वयंपाकघरात वहिनींचा चहा उकळतोय. उठतो.

तुझा धाकटा,
सुऱ्या