माझ्या खिडकीतला उजेड

शीआन, बाराव्या महिन्याची पौर्णिमा

प्रिय लाओ च्याओ,

पार्सल पोचलं. लाल खजूर दोन किलो, लोकरीचे मोजे एक जोड, तुझ्यावर लेख आलेलं मासिक एक. टपालखर्च दोन युआन चाळीस! मोजे इथे मिळत नाहीत का रे? नववर्षाला शूटिंगच्या गावी ये, असं तू लिहिलंस. उत्तराला आठ दिवस लागले, कारण मध्येच तुझा सिनेमा पाहिला.

कारखान्याच्या सभागृहात दाखवला. शेजारच्या फान काकू माझ्या कानाला लागल्या, “रुईशिया, नवरा तुझा, पण कॅमेऱ्यामागची त्याची नजर बघ कुठे खिळलीय! बाईवर जीव असल्याशिवाय तिचा चेहरा पडद्यावर असा खुलत नाही हो.” सूर्यफुलाच्या बिया तोंडातच राहिल्या माझ्या.

खोटं नव्हतं ते. ती नटी खिडकीपाशी, अर्धा चेहरा उजेडात, अर्धा काळोखात. मासिकवाले लिहितात, दिवा न लावता चित्रीकरण, केवढं धाडस! धाडस कसलं? तू कॅमेऱ्यात फिल्म भरणारा मदतनीस होतास तेव्हा उरलेले तुकडे घरी आणून मला स्वयंपाकघराच्या खिडकीशी उभी करायचास. दिव्याकडे हात गेला की मीच ओरडायचे, “बाहेर उजेड आहे तोवर दिवा लावायचा नाही!” उजेड चेहऱ्यावर परतावा म्हणून समोर पांढरी चादर टांगली तीही मीच. माझ्या घरातला उजेड तू तिला दिलास.

मग ती कणीक मळायला बसली. पडदाभर नुसते हात. किती मायेनं टिपले होतेस! काकूंना म्हटलंसुद्धा, “पोरीला मळता येतं, तेवढं कबूल.” आणि मनगटावर वाफेच्या टोपलीनं भाजल्याचा डाग दिसला. माझा डाग. गेल्या हिवाळ्यात तू म्हणाला होतास, “जरा मळत राहा, उजेड तपासतोय.” काकूंना काय सांगू? हात माझे आणि चेहरा तिचा?

त्या दिवशी माझा चेहराही टिपला होतास. गालावरचं पीठ तूच पुसलंस. ग्वानयिनदेवीपुढे उदबत्ती लावून लिहितेय, म्हणून खरंच लिहिते: त्या पोरीचा मला हेवा वाटतो. माझ्या चेहऱ्याचा तो फिल्मचा तुकडा ठेवलायस की कचऱ्यात टाकलास? ठेवला असशील तर नववर्षाला येते, कणीक मीच मळेन. टाकला असशील तर तसंही लिही, मोजे परत पाठवते. गाडीचं तिकीट काढायचं आहे, उलट टपाली कळव.

तुझीच,
रुईशिया